प्रिन्सिपॉल भोईर आणि दोन मिनिटांचा काळोख

माननीय अध्यक्षमहाराज रावबहादूर गुरुदत्त मोरोबा कोठारे, ज्यांच्या सत्कारासाठी आपण आज जमलो ते प्रिन्सिपॉल रावसाहेब काळुराम दगडू भोईर, व्यासपीठावर विराजमान झालेले डॉक्टर पेस्तनजी, स्वागत कमिटीचे सन्मान्य सभासद, ठाणे, कल्याण आणि डोंबिवलीहून आलेले सद्गृहस्थहो, बाळकुमाहून गाड्या जुंपून आलेले रावसाहेबांचे सोयरेधायरे, आणि चिकाच्या पडद्याआड बसलेल्या माझ्या मातृभगिनींनो,

प्रथम एक विनंती. मला या टेबलाला टेकून बोलण्याची परवानगी असावी. माझे वय आता अठ्ठावन्न आहे आणि गुडघे त्याहून थोरले आहेत. शिवाय माझ्याआधी चार वक्ते बोलून गेले. रावसाहेबांना कोणी सूर्य म्हणाले, कोणी कल्पवृक्ष म्हणाले, एका गृहस्थांनी तर त्यांना ठाण्याचा दीपस्तंभ केले. मी समोर बसून रावसाहेबांचा चेहरा पाहत होतो. दीपस्तंभाला झोप येत होती. (हसू नका, तेही हसताहेत, बघा.)

मी त्र्यंबक गणेश कर्णिक, कल्याणचा. रायवळ संस्थानच्या कॉलेजात रावसाहेबांच्या हाताखाली मी सत्तावीस वर्षे प्रयोग दाखवणारा मास्तर होतो. म्हणजे प्रोफेसरांनी सिद्धान्त सांगायचा आणि मी बाजूला उभे राहून काचेच्या नळीत तो घडवून दाखवायचा. घडला नाही तर विद्यार्थ्यांनी मला हसायचे. असे हे काम. त्यापूर्वी ठाण्याच्या शाळेत आम्ही दोघे एका इयत्तेत होतो. एका बाकावर नव्हे, एका इयत्तेत. आम्ही कर्णिक, गुप्ते, प्रधान पुढच्या बाकांवर असू, आणि बाळकुमच्या मिठागरातून तीन मैल चालत येणारा एक मुलगा दाराशी, आपल्या स्वतःच्या गोणपाटावर. त्याला तिथे बसायला कोणी सांगितले होते, हे मला आठवत नाही. कोणी सांगावेच लागले नसेल.

आमच्या मास्तरांनी एकदा प्रश्न घातला. पाणी उकळल्यावाचून त्याची वाफ होत नाही, हे खरे की खोटे? आम्ही पुढच्या बाकावरचे सगळे एका सुरात म्हणालो, "खरे!" मास्तर खूष झाले. तेवढ्यात दारातून आवाज आला,

"खोटं हाय, मास्तर. आमच्या आगरान रोज व्हते वाफ. तिथं कोन पानी उकलतंय?"

वर्ग हसला. मास्तरांनी त्याला उठवून दोन छड्या दिल्या आणि मला शाबासकी दिली. आता मास्तरांविषयी चार शब्द चांगले बोलले पाहिजेत, कारण ते तेवढ्याला पात्र आहेत. पुढच्या रविवारी ते छत्री घेऊन एकटेच बाळकुमला गेले. खाडीचे पाणी मिठागरात कसे घेतात, उन्हात ते कसे आटते, खाली मीठ कसे राहते, हे सारे त्यांनी काळुरामच्या वडिलांकडून, दगडू भोईरांकडून, समजून घेतले. दगडूबाबा त्यांना म्हणाले, "मास्तर, पानी जातं, मीठ रातं. माजा पोर यवढंच बोलला आसंल." सोमवारी मास्तरांनी भर वर्गात सांगितले की भोईरचे उत्तर बरोबर होते आणि माझे चूक. शाबासकी मात्र परत घेतली नाही. ती अजून माझ्याकडे आहे.

तर अशा मुलाचे पुढे काय व्हावे? फार झाले तर तलाठी, किंवा मिठाच्या नाक्यावरचा कारकून. पण मास्तरांनी त्याला सोडले नाही. शिष्यवृत्ती मिळवून दिली, मुंबईस धाडला. तो बी. ए. झाला आणि परत येऊन त्याच आमच्या शाळेत मास्तर झाला. मीही तिथेच लागलो होतो. आता तो खुर्चीवर बसू लागला. पहिल्या दिवशी तो वर्गात शिरला तेव्हा दाराशी क्षणभर थांबला, हे मी शेजारच्या वर्गातून पाहिले आहे. त्या दिवसापासून मी त्याला काळुराम आणि तो मला त्र्यंबक, असे आमचे सुरू झाले. पुढे कॉलेजात तो प्रोफेसर आणि मी हाताखालचा, तेव्हा ते आपोआप भोईरसाहेब आणि त्र्यंबकराव झाले. माणसे जवळ राहूनही संबोधने लांब जातात.

सन अडुसष्टच्या श्रावणात खग्रास सूर्यग्रहण झाले. आपल्यापैकी केस पांढरे झालेल्यांना ते आठवत असेल. ठाण्यात ते पुरते दिसणार नव्हते. काळुरामाने हेडमास्तरांकडून पंधरा दिवसांची रजा काढली, माझीही काढली, आणि आम्ही आगगाडीने सोलापूर व तिथून बैलगाडीने दक्षिणेला गेलो. बरोबर तीन थर्मामीटर, एक घड्याळ आणि एक उसनी दुर्बीण. एका टेकडीवर मुक्काम केला. ग्रहणाच्या सकाळी आभाळ असे भरून आले की सूर्य कुठल्या बाजूला आहे हेही सांगता येईना.

मी दुर्बीण पेटीत घालून टाकली. म्हणालो, "चल, आता इथे पाहायचे काय आहे?"

काळुराम गवतात उकिडवा बसला होता. थर्मामीटरवरची नजर न काढता म्हणाला, "सूर्य दिसणार नाही. पण ऊन जाणार आहे ना? ते मोजता येईल. तू घड्याळ सांग."

आणि तसेच झाले. ढगांच्या वर काय चालले होते देव जाणे, खाली मात्र एकाएकी अंधारले, पाखरे गप्प झाली, गाडीवान रामनाम घेऊ लागला. मी मिनिटे मोजत होतो आणि तो आकडे लिहीत होता. हवा किती अंशांनी थंड झाली, किती वेळाने झाली, पुन्हा कधी तापू लागली. ते चार पानांचे टिपण त्याने एका विद्वत्सभेकडे धाडले. ढगाखालचे असे बारकाईने घेतलेले मोजमाप त्यांच्याकडे दुसरे नव्हते. ते छापले गेले, आणि चार वर्षांनी रायवळ संस्थानात नवे कॉलेज निघाले तेव्हा त्या चार पानांवर काळुराम भोईर पदार्थविज्ञानाचे प्रोफेसर झाले. त्यांनी मला पत्र टाकले, 'घड्याळ सांगायला माणूस पाहिजे. येतोस का?' मी गेलो.

पहिली आठ वर्षे, अध्यक्षमहाराज, आमच्या आयुष्यातली चांगली वर्षे होती. संस्थानच्या तांबटाकडून आम्ही उपकरणे ठोकून घेतली. काचेचे सामान येईना तेव्हा अत्तराच्या बाटल्या वापरल्या. आणि रावसाहेबांनी आपल्या मूळच्या प्रश्नाला हात घातला. खारट पाणी जसजसे घट्ट होत जाते तसतसे त्याचे आटणे मंदावते. ते किती मंदावते? कोणत्या नियमाने? उन्हाचा त्यात वाटा किती, वाऱ्याचा किती? कॉलेजच्या गच्चीवर आम्ही बेचाळीस परातींत मिठाचे पाणी मांडले होते. दर उन्हाळ्याच्या सुटीत रावसाहेब बाळकुमला येऊन खऱ्या मिठागरात तीच मोजमापे घेत. त्यांची वही भरत आली होती. ते म्हणत, आणखी दोन उन्हाळे, त्र्यंबकराव, मग लिहायला बसतो.

सन ऐंशीत आमचे युरोपियन प्रिन्सिपॉल प्रकृतीच्या कारणाने विलायतेस गेले. कॉलेजची घडी विसकटलेली, मुलांची राहण्याची सोय नाही, विश्वविद्यालय मान्यता काढून घेण्याच्या बेतात. दिवाणसाहेबांनी रावसाहेबांना बोलावून प्रिन्सिपॉलचे काम त्यांच्यावर घातले. तिकडून परत आले ते थेट प्रयोगशाळेत आले आणि किल्ली माझ्यापुढे ठेवली.

"तुमच्याकडे राहू द्या. सहा महिन्यांचा प्रश्न आहे."

मी विचारले, "नाही म्हणता आले नसते?"

ते म्हणाले, "कॉलेज बंद पडले तर गच्चीही जाईल, परातीही जातील. आधी कॉलेज उभे करू."

यात खोटे काय होते? काही नाही. तेच तर दुःख आहे. त्यांनी पुढे जे जे पत्करले त्यातले एकही काम असे नव्हते की जे करायला नको होते. ते सहा महिने एकोणीस वर्षे चालले. आधी कॉलेज सावरले. मग वसतिगृह बांधले. मग विश्वविद्यालयाच्या सभेवर नेमले गेले, मग तिच्या कारभारी मंडळावर, सिंडिकेटवर, आणि अखेरची पाच वर्षे विज्ञानाच्या शिक्षणाची सगळी धुरा त्यांच्यावरच होती. मिठागरातल्या मुलाने विश्वविद्यालयाच्या मोठ्या टेबलाशी बसून भल्याभल्यांच्या सह्यांवर आपली सही करावी, हे आपल्या ठाणेकरांना भूषणच आहे. याआधीच्या वक्त्यांनी ते उत्तम सांगितले. मी त्यांच्याजवळ उभा होतो, म्हणून मला सह्या करणारा हात दिसे. त्या हाताला पूर्वी खारट पाण्याने भेगा पडत. त्या भरून आल्या होत्या. मला ते पाहवत नसे.

एक दिवस, सत्त्याऐंशी साल असेल, ते बऱ्याच महिन्यांनी प्रयोगशाळेत आले. हातात जर्मनीहून आलेले एक मासिक होते. मला म्हणाले, "माझी ती जुनी वही काढा बघू." मी काढली. त्यांनी वही आणि मासिक शेजारी शेजारी उघडले. तिकडच्या कोणा विद्वानाने खारट पाण्याच्या आटण्याचा नियम शोधून छापला होता. आकडा तोच. रावसाहेबांच्या वहीत तो सात वर्षे आधीचा होता, तारखेसह.

मी म्हणालो, "साहेब, तुम्ही हे छापले का नाही?"

"वेळ झाला नाही," ते म्हणाले. मग बोटाने त्या मासिकातली एक ओळ पुन्हा वाचली आणि म्हणाले, "बरोबर आहे त्याचं. वाऱ्याचं त्याने माझ्यापेक्षा नीट केलंय." तेवढ्यात शिपाई वसतिगृहाचे रजेचे अर्ज घेऊन आला. ते त्यांनी तिथेच उभ्या उभ्या वाचून सह्या केल्या. चौदा होते. वही मी कपाटात ठेवून दिली.

मंडळी, थकवा कशाने येतो? श्रमाने येतो असे आपण समजतो. मला तसे वाटत नाही. मिठागरातली माणसे सूर्य माथ्यावर घेऊन राबतात आणि संध्याकाळी टेंभी नाक्यावर बाजार करून गाणी म्हणत घरी जातात. जे काम करण्यासाठी आपण जन्मलो ते शेजारच्या खोलीत कुलपात आहे आणि आपण बाहेर दुसरेच, पण आवश्यक, असे काम करतो आहोत, त्याने जो थकवा येतो त्याला झोपेचा उतार नाही.

आता त्यांनी केलेले एक काम सांगतो, कारण पुढच्या हकीकतीशी त्याचा संबंध आहे. त्या काळी पदार्थविज्ञानाची परीक्षा नुसती लेखी असे. ज्या मुलाने थर्मामीटर डोळ्यांनी पाहिला नाही तोही त्यावर सुंदर निबंध लिहून पहिल्या वर्गात येई. रावसाहेबांनी सभेत ठराव मांडला की मुलाला हाताने प्रयोग करता आल्याशिवाय पदवी देऊ नये. ठराव पडला. दुसऱ्या वर्षी पुन्हा मांडला, पुन्हा पडला. नऊ वर्षे हे चालले. एकदा एक विद्वान सभासद म्हणाले, "प्रोफेसर भोईर यांना हातांच्या कामाची परंपरागत आवड आहे, पण विश्वविद्यालय हे कारखाना नव्हे." सगळे हसले. मी मागच्या खुर्चीवर कागद सांभाळत बसलो होतो. माझे कान लाल झाले.

रावसाहेब उठले. म्हणाले, "सन्मान्य सभासदांचे म्हणणे खरे आहे. माझे वडील हातांनी काम करीत. मीठ पडले की नाही हे त्यांना पुस्तकात पाहावे लागत नसे. आमच्या पदवीधरांनाही पाहावे लागू नये, एवढेच मी म्हणतो." आणि खाली बसले. त्या वर्षीही ठराव पडलाच. पण एक्क्याण्णव साली तो मंजूर झाला. आज या इलाख्यातला प्रत्येक विज्ञानाचा विद्यार्थी स्वतःच्या हाताने मोजमाप घेतो, तो या गृहस्थांमुळे.

आणि आता मी ज्यासाठी उभा राहिलो ते सांगतो. अध्यक्षमहाराजांनी माझी ओळख करून देताना म्हटले की गेल्या वर्षीच्या खग्रास ग्रहणाचे प्रसिद्ध निरीक्षक ते हेच कर्णिक. कल्याणातही त्याबद्दल माझा सत्कार झाला. नारळ दिला, शालजोडी दिली. ती शालजोडी मी आज अंगावर घेतली नाही. का, ते ऐका.

पौषी अमावास्येला, शनिवारी, ते ग्रहण होते. या खेपेस आभाळ स्वच्छ असणार हे नक्की होते. रावसाहेबांनी वर्षभर आधी तयारी चालवली होती. सिंडिकेटला सांगून ठेवले होते की त्या आठवड्यात मी कोणाचा नाही. स्वतः जाणार, मी आणि चार विद्यार्थी बरोबर. मधल्या एका ग्रहणाला त्यांना रजा मिळाली नव्हती. अडुसष्टचे ढगांनी खाल्ले होते. हे तिसरे, आणि पंचावन्न उलटलेल्या माणसाला चौथे कोठून?

बुधवारी सकाळी पेट्या गाड्यांवर चढवल्या होत्या. रावसाहेब जोडे घालत होते. वसतिगृहाचा रेक्टर धावत आला. पंढरी नावाच्या मुलाला ताप भरला होता आणि काखेत गाठ आली होती.

पडद्याआडच्या भगिनींना मी यातले वर्णन ऐकवत नाही. प्लेग काय असतो हे या शहराला सांगण्याची गरज उरलेली नाही. रावसाहेब जोड्यासहित वर गेले, मुलाला पाहून खाली आले आणि मला म्हणाले, "तुम्ही निघा."

"साहेब, रेक्टर आहेत, डॉक्टर आहेत. चारच दिवसांचा प्रश्न—"

"दीडशे मुलं आहेत, त्र्यंबकराव. आज दुपारपर्यंत घाबरून गावोगाव पळाली तर प्लेग बरोबर नेतील. मी इथे उभा असलो तर थांबतील. तुम्ही निघा. दर अर्ध्या मिनिटाला आकडा घ्या. माझ्यासाठी एवढं करा."

आम्ही निघालो. करमाळ्याच्या बाजूला माळावर तंबू ठोकला. शनिवारी दुपारी आभाळ असे होते की जणू कोणी धुऊन ठेवले. चार मुले चार उपकरणांवर, मधोमध मी, मुख्य थर्मामीटरवर, हातात पेन्सिल. ग्रहण लागले. ऊन पिवळे झाले, मग करडे. मी आकडे घेत होतो. आणि मग सूर्य पुरता झाकला गेला.

सद्गृहस्थहो, मी वर पाहिले.

काळी तबकडी, आणि तिच्याभोवती मोत्याच्या रंगाचे ते तेज, जणू श्वास घेत असलेले. बाजूला शुक्र. क्षितिजावर चहूकडे एकदम संध्याकाळ. मला काही सुचेना. पेन्सिल कधी पडली ठाऊक नाही. मी रडत होतो असे मुले नंतर म्हणाली. दोन मिनिटे. पुन्हा उजेडाचा थेंब फुटला तेव्हा मी भानावर आलो, आणि माझा कागद कोरा होता.

सोमवारी रायवळला पोहोचलो. गावाबाहेर माळावर झोपड्या घातल्या होत्या आणि सगळी मुले तिथे आणून ठेवली होती. एकही पळाले नव्हते. अकरा आजारी होती. दोन गेली होती. रावसाहेब एका झोपडीबाहेर पाटावर बसून हात धूत होते. दाढी वाढलेली. मला पाहून त्यांचा चेहरा असा उजळला की मला मरण बरे वाटले.

"काय आकडे?"

मी सांगितले. खोटे बोललो नाही, एवढे एकच पुण्य माझ्या पदरी आहे.

ते उठले. पंचवीस वर्षांत मला कधी अरेतुरे केले नव्हते. म्हणाले, "तुला एकच काम दिलं होतं. मी इथे पोरांची तोंडं झाकतोय आणि तू तिथे तमाशा पाहत होतास?" आणि आत निघून गेले.

मी तसाच उभा. बरोबरच्या मुलांपैकी आनंदा गावडे नावाचा बी. ए. च्या वर्गातला विद्यार्थी होता. तो पुढे झाला, झोपडीच्या दारात जाऊन म्हणाला, "सर, माझ्या उपकरणाचं वाचन मी थांबवलं नव्हतं. मास्तरांची पेन्सिल पडली तेव्हा मी त्यांच्या थर्मामीटरकडे सरकलो. दोन्ही लिहिलेत. अर्धा मिनिटही सुटलेला नाही."

मग रावसाहेब बाहेर आले. वही घेतली. उभ्यानेच पाने उलटली, एकेका आकड्यावर बोट फिरवत. "वर नाही पाहिलंस?" त्यांनी मुलाला विचारले.

"नाही सर. परीक्षेत तुम्हीच सांगता ना, वाचन चालू असताना मान वर करायची नाही."

रावसाहेब हसले की काय ते मला कळले नाही. वही त्यांनी त्याच्या हातात परत दिली आणि माझ्याजवळ येऊन पाटावर बसले. मग हळूच म्हणाले,

"बरं, आता सांग. कसं होतं?"

मी सांगितले. मला जमेल तसे सगळे सांगितले, तेज, शुक्र, क्षितिजावरची संध्याकाळ. ते डोळे मिटून ऐकत होते. मध्येच आतून पंढरीने पाणी मागितले, ते उठून पाजून आले आणि म्हणाले, "हं, पुढे." तो पंढरी जगला. आज तो डॉक्टरी शिकतो आहे.

इथे हकीकत संपवता आली असती तर मला आवडले असते. पण पुढच्या आठवड्यात रावसाहेबांनाच ताप आला. प्लेग नव्हता, पण दोन महिने ते उठले नाहीत. त्या दोन महिन्यांत ग्रहणाचा अहवाल मी लिहिला आणि मी धाडला. त्यावर पहिले नाव माझे घातले. 'निरीक्षक, त्र्यंबक गणेश कर्णिक.' खाली बारीक अक्षरांत चार विद्यार्थी. आनंदा गावडेने तो छापलेला पाहिला आणि घडी करून मला परत दिला. रावसाहेबांनी बरे झाल्यावर पाहिला. फक्त माझ्याकडे पाहिले. शाळेत ज्या दिवशी त्याला छड्या मिळाल्या आणि मला शाबासकी, त्या दिवशीही त्याने असेच पाहिले होते.

परवा मी त्या विद्वत्सभेला पत्र लिहिले आहे. मुख्य वाचने आनंदा पोपट गावडे यांची आहेत, माझी नाहीत, तशी दुरुस्ती छापावी. त्याची प्रत आनंदाला धाडली. अध्यक्षमहाराज, आपल्यालाही एक प्रत देतो. ती शालजोडी कल्याणकरांनी सांगावे तिकडे मी पोहोचती करीन.

पुष्कळ वेळ घेतला. आता शेवटचे.

स्वागत कमिटीने आज माझ्या हाती एक कागद दिला आहे आणि भाषणाच्या अखेरीस तो वाचून दाखवावा अशी आज्ञा केली आहे. त्यात ठाणेकर नागरिकांची प्रार्थना आहे की, शहरात पुन्हा प्लेगाने डोके वर काढले असल्याने, प्रिन्सिपॉल भोईर यांनी निवृत्तीनंतर आपल्या अनुभवाचा लाभ जन्मभूमीस द्यावा आणि प्लेग कमिटीचे अध्यक्षपद स्वीकारावे. मसुदा सुंदर आहे. प्रार्थना रास्त आहे. त्यांच्याइतका लायक माणूस जिल्ह्यात नाही, हे मी शपथेवर सांगतो.

आज सकाळी मी बाळकुमला रावसाहेबांना आणायला गेलो होतो. ते कपडे करीत होते. त्यांच्या पत्नी, सगुणावहिनी, ओट्यावर आल्या. चाळीस वर्षांच्या ओळखीत त्या माझ्याशी चार वाक्यांवर बोलल्या नाहीत. आज म्हणाल्या, "भावोजी, कागुद आलाय आसं आयकलं. तो वाचू नका. यांना नाय म्हनता येत नाय. म्या आजपातुर कंदी काय मागलं नाय."

मी तेव्हा काही कबूल केले नाही. कमिटीची आज्ञा, समारंभाची शोभा, हे सगळे डोळ्यांपुढे होते. पण आता या टेबलाला टेकून उभा आहे आणि पाहतो आहे की, मी कागदाचे नाव काढताच रावसाहेबांनी हात पुढे केला आहे.

रावसाहेब, हात खाली घ्या.

नाही, मी देणार नाही. एकोणीस वर्षे जो कागद पुढे आला तो तुम्ही घेतलात. मी बाजूला उभा राहून दर वेळी मनात म्हटले, अरेरे, आणि दर वेळी दौत पुढे सरकवली. माझा वाटा तेवढाच. सेक्रेटरीसाहेब, रागावू नका. काम अडू देत नाही. तुमच्या या कागदात 'भोईर' जिथे जिथे आहे तिथे तिथे 'कर्णिक' लिहा. मी लायक नाही, हे आताच सगळ्यांसमोर सांगून झाले आहे. पण माळावरच्या त्या झोपड्यांत रावसाहेब आजारी पडल्यावर दोन महिने मी काम केले आहे. चुन्याचे पाणी किती, वेगळे कोणाला ठेवायचे, घरच्या माणसांशी काय बोलायचे, हे मला येते. माझ्या मागे कुलपात काही पडलेले नाही. मी थकलो आहे, खरे आहे. पण माझा थकवा नुसत्या कामाचा आहे, तो रात्री झोपलो की उतरतो. उद्या सकाळी सात वाजता मी कमिटीच्या कचेरीत हजर होतो.

अडलो तर सल्ला विचारायला बाळकुमला येईन, रावसाहेब. पण दुपारी येणार नाही. दुपारी तुम्ही मिठागरात असाल, आणि वाचन चालू असताना कोणी बोललेले तुम्हाला खपत नाही.

वहिनी पडद्याआड असतील तर त्यांनी ऐकले असेल.

अध्यक्षमहाराज, आपण एका थकलेल्या माणसाला एवढा वेळ दिलात, आणि त्याने सत्काराच्या सभेत स्वतःचेच गाऱ्हाणे मांडले, कमिटीची आज्ञा मोडली, बसल्या पाहुण्यांचा हात धरला, हे सर्व आपण सोसून घेतलेत. याबद्दल आपले, व्यासपीठावरील थोरांचे आणि इतका वेळ न खोकता बसलेल्या सर्व श्रोत्यांचे मी मनापासून आभार मानतो. बोलण्यात कोठे उणे-अधिक झाले असेल तर ते माझ्या पदरी घाला, रावसाहेबांच्या नव्हे, आणि वडीलकीच्या नात्याने मला क्षमा करा. मी आता बसतो.